गेमचा कोड चालत नाही? वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरे

प्रश्न : दुकानातून घेतलेल्या कार्डावरचा कोड टाकला, तर 'कोड अवैध आहे' एवढेच उत्तर येते. कार्ड नवे आहे, वरची पट्टी मीच खरवडली. तीनदा टाकून पाहिला. आता काय करू?

उत्तर : चौथ्यांदा टाकण्याआधी थांबा. ऑनलाइन गेमची दुकाने चुकलेल्या प्रयत्नांची मोजदाद ठेवतात आणि ते फार झाले की खाते किंवा इंटरनेटचा पत्ता काही वेळ अडवतात. स्टीम या संगणकावरच्या गेमच्या ऑनलाइन दुकानात ही वेळ आली की बरोबर कोडसुद्धा घेतला जात नाही. तासभर तरी गप्प बसावे लागते, आणि त्या तासात पुन्हा पुन्हा प्रयत्न करून काहीच साधत नाही.

तेवढ्या वेळात कोडमधली अक्षरे मोजा. स्टीमवरच्या गेमची 'की', म्हणजे गेम खात्यात आणणारा कोड, बहुधा 15 अक्षरांची असते, पाच-पाचच्या तीन गटांत. काही 25 अक्षरांच्याही असतात. मायक्रोसॉफ्टचा, म्हणजे एक्सबॉक्सचा कोड 25 अक्षरांचा, पाच-पाचचे पाच गट. प्लेस्टेशनचा 12 अक्षरांचा, चार-चारचे तीन गट. निन्टेन्डोचा 16 अक्षरांचा. मोजणी जुळत नसेल तर एखादे अक्षर सुटले आहे किंवा कोड दुसऱ्याच दुकानाचा आहे. गेम तोच असला तरी एपिक या दुसऱ्या ऑनलाइन दुकानासाठी काढलेला कोड स्टीमला ओळखता येत नाही.

मोजणी जुळली तरी खिडकी चुकू शकते. स्टीमवर गेमची की आणि वॉलेटचा कोड या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दोन्ही दिसायला सारखे, पण टाकायच्या जागा वेगळ्या. गेमची की 'गेम्स' मेनूतल्या 'ॲक्टिव्हेट अ प्रॉडक्ट ऑन स्टीम' इथे जाते. पैशांच्या कार्डावरचा कोड वॉलेटच्या खिडकीत. कार्डावर रक्कम छापली असेल तर तो वॉलेटचा, गेमचे नाव छापले असेल तर गेमचा.

मग अक्षरे तपासा. बी आणि 8, जी आणि 6, ओ आणि 0, आय आणि 1, एस आणि 5, झेड आणि 2 या जोड्या डोळ्याला हमखास फसवतात. मायक्रोसॉफ्टच्या कोडबाबत एक गोष्ट लक्षात ठेवा : त्यात ए, ई, आय, ओ, यू हे स्वर नसतात आणि 0, 1, 5 हे आकडेही नसतात. तिथे शून्य दिसले तर ते डी किंवा क्यू असणार.

मराठी कळफलक वापरणाऱ्यांची एक खास अडचण आहे, आणि ती लवकर ध्यानात येत नाही. फोन मराठी लिपीवर असेल तर काही कळफलकांतून आकडे देवनागरी उमटतात. आपण ते सवयीने वाचून जातो, पण संगणकाच्या लेखी देवनागरी चार आणि इंग्रजी चार ही दोन वेगळी चिन्हे आहेत. कोड टाकताना कळफलक इंग्रजीवर आणा. संदेशातून किंवा ईमेलमधून कोड उचलत असाल तर शेवटी चिकटून आलेली मोकळी जागाही खोडा.

एवढे करूनही कोड 'अवैध' किंवा 'सक्रिय नाही' असेच येत राहिले, तर खोट दुकानाच्या काउंटरवर असू शकते. टांगून ठेवलेली कार्डे विक्रीआधी मृत असतात. बिल करताना कार्डावरचा बारकोड स्कॅन झाला, की विक्रेत्याच्या यंत्रणेकडून गेमच्या दुकानाला निरोप जातो आणि मग त्या कोडमध्ये जीव येतो. तो निरोप पोचला नाही तर कोड छापील असूनही निकामी. म्हणून कार्डाची पावती कोड वापरून होईपर्यंत जपायची असते. ती आणि कार्ड घेऊन जिथून घेतले तिथेच जा. पुन्हा सक्रिय करणे त्यांच्याच हातात असते.

प्रश्न : स्टीमवर की टाकल्यावर वेगवेगळे इंग्रजी संदेश येतात. कोणत्या संदेशाचा अर्थ 'कोड गेला' आणि कोणत्याचा 'कोड अजून शाबूत आहे'?

उत्तर : फार कामाचा प्रश्न. घाबरून लोक शाबूत कोड फेकून देतात, किंवा मेलेल्या कोडवर दिवस घालवतात.

'हा गेम तुमच्या खात्यात आधीच आहे' असा संदेश आला तर की वापरली गेलेली नाही. ती दुसऱ्या कुणाला देता येते. मात्र एक खबरदारी घ्या. तीन-चार गेमचा मिळून एकच कोड असेल आणि त्यातला एखादाच तुमच्याकडे असेल, तर कोड घेतला जातो, उरलेले गेम खात्यात जमा होतात आणि जास्तीची प्रत बाजूला निघत नाही.

'हे चालण्यासाठी दुसरे उत्पादन लागते' याचा अर्थ तुमच्या हातात डीएलसी, म्हणजे मूळ गेमला जोडायचा वाढीव भाग आहे आणि मूळ गेम खात्यात नाही. कोड शाबूत. मूळ गेम आणा, मग तीच की टाका. मूळ गेम दुसऱ्या दुकानात घेतलेला असेल तर ही जोडणी कधीच होणार नाही.

'या देशात उपलब्ध नाही' या संदेशाच्या पुढचे वाक्य नीट वाचा. की रिडीम झालेली नाही, म्हणजे वापरली गेलेली नाही, असे त्यात स्पष्ट लिहिलेले असते. म्हणजे कोड जिवंत आहे, फक्त तुमच्या खात्यासाठी नाही. परतावा मागताना हा पडदा जसाच्या तसा टिपून पाठवा. कोड वापरला गेलेला नसल्याचा याहून चांगला पुरावा तुमच्याकडे नसतो.

'दुसऱ्या खात्याने आधीच वापरली आहे' हा एकच संदेश खरोखर वाईट. तोही आधी स्वतःच्या घरी तपासा. भावंडाच्या खात्यावर किंवा आपल्याच विसरलेल्या जुन्या खात्यावर तो कोड टाकलेला असतो, असे पुष्कळदा निघते. तसे नसेल तर विक्रेत्याने वापरलेला कोड विकला किंवा एकच कोड दोघांना दिला. स्टीम इथे नवी की देत नाही, कारण तुमचा व्यवहार विक्रेत्याशी झालेला आहे.

प्रश्न : परदेशातल्या नातेवाइकांनी गेमचा कोड पाठवला. आमच्याकडे चालत नाही. कोडला देश का असतो?

उत्तर : किमतीमुळे. प्रकाशक एकच गेम वेगवेगळ्या देशांत वेगळ्या किमतीला विकतो. स्वस्त देशातला कोड महाग देशात चालला, तर महाग देशात कुणी पूर्ण किंमत मोजणारच नाही. म्हणून कोड बनवतानाच त्याला देशांची यादी जोडलेली असते. याखेरीज वयोगटाचे दाखले आणि वितरणाचे हक्क ही कारणेही असतात, पण मूळ कारण किंमत.

हे कुलूप प्रत्येक ठिकाणी चालतेच असे नाही. स्टीम चालवणारी व्हॉल्व्ह कंपनी आणि पाच गेम प्रकाशक यांना युरोपीय आयोगाने 20 जानेवारी 2021 रोजी मिळून 78 लाख युरोंचा दंड केला. झेकिया, पोलंड, हंगेरी, रोमानिया, स्लोव्हाकिया आणि तीन बाल्टिक देश इथे विकलेल्या काही की युरोपातल्याच इतर देशांत चालू दिल्या नव्हत्या, म्हणून. एकाच बाजारपेठेच्या आत अशी भिंत घालता येत नाही, असा त्या निर्णयाचा गाभा. त्या बाजारपेठेबाहेरच्या ग्राहकाला मात्र त्याचा उपयोग नाही.

कुलूप तीन तऱ्हांचे असते आणि तुमचे कोणते, हे ओळखल्याशिवाय उपाय सापडत नाही. पहिल्या तऱ्हेत कोड खात्यात शिरतच नाही. वर सांगितलेला 'या देशात उपलब्ध नाही' हा संदेश त्याचाच. दुसऱ्या तऱ्हेत कोड शिरतो, गेम लायब्ररीत दिसतो, पण ठरावीक देशांबाहेर सुरू होत नाही. ही अधिक त्रासाची तऱ्हा, कारण कोड खर्च झालेला असतो आणि विक्रेता म्हणतो, 'आमचा कोड तर चालला.' खरेदीच्या पानावर 'सक्रिय कुठे करता येईल' याबरोबर 'खेळता कुठे येईल' हेही लिहिलेले आहे का, ते म्हणूनच पाहायचे. तिसरी तऱ्हा पैशांच्या कार्डांची : कार्डावरचे चलन आणि खात्याचे चलन एक असावे लागते. मायक्रोसॉफ्टची गिफ्ट कार्डे याच कारणाने अडतात.

आता खात्याच्या देशाबद्दल. इथे प्रत्येकाचा नियम निराळा आहे. प्लेस्टेशनच्या खात्याचा देश खाते उघडताना ठरतो तो कायमचा. नंतर बदलता येत नाही. दुसऱ्या देशाचा कोड वापरायचा तर दुसरे खाते उघडावे लागते. तिथे आणखी एक अडचण आहे : वाढीव भागाचा कोड मूळ गेमच्या प्रदेशाशी जुळावा लागतो. एका प्रदेशातली डिस्क आणि दुसऱ्या प्रदेशातला डीएलसी एकमेकांना ओळखत नाहीत, जरी दोन्हींवर नाव एकच छापलेले असले तरी. निन्टेन्डोच्या खात्याचा देश सेटिंगमधून बदलता येतो, पण ई-शॉपमध्ये, म्हणजे निन्टेन्डोच्या ऑनलाइन दुकानात, पैसे शिल्लक असतील तर आधी ते संपवा. मायक्रोसॉफ्टच्या खात्याचाही देश बदलतो. मात्र खात्यात भरलेली रक्कम नव्या देशात सोबत येत नाही.

स्टीमवर देश बदलायचा तर नव्या देशातले पैसे भरण्याचे साधन लागते. व्हीपीएन लावून आपण दुसऱ्या देशात असल्याचे भासवून की टाकण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. तो घेऊ नका. स्टीमच्या करारात याला स्पष्ट मनाई आहे, आणि एका गेमच्या किमतीतल्या फरकासाठी सगळी लायब्ररी असलेले खाते पणाला लावणे हा आतबट्ट्याचा व्यवहार आहे.

तुमच्या बाबतीत सरळ उपाय : कोड अजून वापरला गेलेला नसेल तर नातेवाइकांना तो परत करून पाहायला सांगा, किंवा त्यांच्या देशातल्या कुणाला तो द्या. पुढच्या वेळी कोडऐवजी तुमच्याच देशाच्या चलनातले कार्ड मागा.

प्रश्न : काही संकेतस्थळांवर नव्या गेमच्या की अर्ध्याहून कमी किमतीत मिळतात. स्टीमवर त्या चालतातही. मग घ्यायला काय हरकत?

उत्तर : आज चालते ती उद्या चालेलच असे नाही, ही हरकत. कारण समजण्यासाठी की कुठून येतात ते पाहू. प्रकाशक व्हॉल्व्हकडे कीच्या याद्या मागतो आणि त्या त्याला फुकट मिळतात. बाहेर विकल्या गेलेल्या कीच्या किमतीत व्हॉल्व्ह वाटाही घेत नाही. प्रकाशक त्या की अधिकृत विक्रेत्यांना देतो, समीक्षकांना देतो, स्पर्धांत वाटतो. यादीतल्या प्रत्येक कीवर त्याचा ताबा राहतो. कोणतीही की, किंवा पूर्ण यादी, तो नंतर रद्द करू शकतो.

आता चोरीच्या क्रेडिट कार्डाने कुणी अधिकृत विक्रेत्याकडून शंभर की घेतल्या आणि त्या स्वस्तात विकल्या. महिन्याभराने कार्डाचा खरा मालक बँकेकडे तक्रार करतो, बँक पैसे परत ओढते, विक्रेत्याला तोटा होतो, आणि प्रकाशक त्या शंभर की रद्द करतो. तुमच्या लायब्ररीतून गेम निघून जातो. तुम्ही पैसे प्रामाणिकपणे दिलेत, यात शंका नाही. पण ज्याला दिलेत त्याच्याकडे विकायचा हक्कच नव्हता. जानेवारी 2015 मध्ये युबिसॉफ्टने 'फार क्राय 4' आणि इतर काही गेमच्या अशा की रद्द केल्या होत्या. ओरड झाल्यावर, ज्यांनी की सक्रिय करून खेळायला सुरुवात केली होती त्यांचे गेम परत दिले गेले. असे दरवेळी घडेल यावर विसंबू नका.

अधिकृत दुकान ओळखायचे साधन साधे आहे. प्रकाशकाच्या स्वतःच्या संकेतस्थळावर गेमच्या पानावर 'कुठे विकत घ्याल' याची यादी असते. त्या यादीतले दुकान असेल तर सूट कितीही मोठी असो, हरकत नाही. जिथे अनोळखी व्यक्ती विक्रेता म्हणून उभ्या असतात आणि संकेतस्थळ फक्त मांडव घालून देते, तिथे की कुठून आली हे कुणीच सांगू शकत नाही.

आणखी एक. स्टीमवरच घेतलेला गेम 14 दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असेल तर परत करता येतो. ही सोय बाहेरून आणलेल्या कीला नाही. बाहेरची दुकाने 'कोड दाखवा' हे बटण दाबले की माल ताब्यात दिला असे धरतात. म्हणून कोड ज्या दुकानात चालतो त्याचे नाव, चालणारे देश आणि एडिशन (गेमची आवृत्ती) या गोष्टी ते बटण दाबण्याआधी तपासायच्या. दाबल्यावर तपासून फक्त मनस्ताप होतो.

प्रश्न : वाढदिवसाला मिळालेला कोड घाईत धाकट्या मुलाच्या खात्यावर टाकला गेला. थोरल्याच्या खात्यावर हलवता येईल का?

उत्तर : नाही. कोड एकदा खात्याला बांधला गेला की सुटत नाही. स्टीम, प्लेस्टेशन, एक्सबॉक्स, निन्टेन्डो, सगळीकडे हेच. कोड टाकण्याआधी पडद्याच्या कोपऱ्यातले खात्याचे नाव मोठ्याने वाचायची सवय मुलांना लावा. विशेषतः ब्राउझरमध्ये कोड टाकताना, कारण तिथे काल दुसऱ्याने उघडलेले खाते तसेच उघडे असते.

पण खेळायला मिळणे एवढाच हेतू असेल तर वाट आहे. स्टीमवर 'स्टीम फॅमिलीज' ही सोय सप्टेंबर 2024 पासून सर्वांना खुली आहे. एका घरातली सहा खाती एकत्र जोडता येतात आणि एकमेकांचे गेम खेळता येतात, प्रत्येकाची प्रगती त्याच्या त्याच्या नावावर राहते. एका प्रतीवर एका वेळी एकच जण खेळू शकतो, मात्र त्याच वेळी दुसरा त्याच लायब्ररीतला वेगळा गेम खेळू शकतो. काही प्रकाशकांनी आपले गेम या वाटणीतून वगळले आहेत. गेमच्या पानावर 'फॅमिली शेअरिंग' ही खूण दिसते का बघा. जोडताना विचार करून जोडा : कुटुंबातून बाहेर पडलेल्या सदस्याला दुसरे कुटुंब धरायला वर्षभर थांबावे लागते. आणि वाटून घेतलेल्या गेममध्ये एखाद्याने लबाडी करून बंदी ओढवून घेतली, तर मूळ मालकाच्या खात्यावरही त्या गेमसाठी बंदी येऊ शकते. मुलांना हे आधी सांगा.

प्लेस्टेशन 5 वर 'कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले' चालू ठेवलेल्या यंत्रावर आणि एक्सबॉक्सवर 'होम' म्हणून नेमलेल्या यंत्रावर इतर खात्यांनाही मालकाचे गेम खेळता येतात.

प्रश्न : कोड 'यशस्वी' झाला असे दाखवले, पण लायब्ररीत गेम दिसत नाही.

उत्तर : आधी हक्क मिळाला आहे का ते पाहा, मग लायब्ररी शोधा. स्टीमवर खात्याच्या तपशिलात 'लायसन्सेस अँड प्रॉडक्ट की ॲक्टिव्हेशन्स' हे पान आहे. तिथे तारखेसह नोंद असते आणि कीने आलेल्या गेमपुढे 'रिटेल' असे लिहिलेले असते. नोंद असेल तर गेम तुमचाच आहे, फक्त दिसत नाही.

न दिसण्याची कारणे बहुधा क्षुल्लक. लायब्ररीवर 'इन्स्टॉल केलेलेच दाखवा' अशी गाळणी लागलेली असते. किंवा तो डीएलसी असतो. डीएलसी वेगळा दिसत नाही, मूळ गेमच्या 'प्रॉपर्टीज'मध्ये आत दिसतो. किंवा गेम अजून प्रकाशित व्हायचा असतो. स्टीम पूर्ण बंद करून, म्हणजे खालच्या पट्टीतल्या चिन्हावरूनही बाहेर पडून, पुन्हा सुरू केले की अर्ध्या तक्रारी मिटतात. प्लेस्टेशनवर 'रीस्टोअर लायसन्सेस' हा पर्याय याच कामाचा. नोंदच नसेल, तर ते पान कोणत्या खात्याचे आहे हे आधी पाहा.

काही गेम स्टीमवर असूनही सुरू होताना प्रकाशकाचा वेगळा लॉन्चर, म्हणजे गेम सुरू करणारा प्रोग्राम, उघडतात आणि तो पुन्हा की मागतो. तिथे मूळ कोड टाकू नका. लायब्ररीत गेमवर उजवी कळ दाबा, 'मॅनेज'मध्ये 'सीडी कीज' उघडा. लॉन्चरला हवी असते ती ही दुसरी की.

प्रश्न : कोड तयार करणारे सॉफ्टवेअर खरे असते का?

उत्तर : नाही. साधे गणित करा. 26 अक्षरे आणि 10 आकडे धरले तर 15 जागांच्या कोडचे सुमारे 2 वर 23 शून्ये इतके प्रकार होतात. सेकंदाला एक कोटी कोड तपासले तरी सगळे संपायला सुमारे 70 कोटी वर्षे लागतील, आणि स्टीम तर मोजक्या चुकांनंतरच दार बंद करते. कोड खरा आहे की नाही हे दुकानाच्या सर्व्हरवरची यादी ठरवते. तुमच्या संगणकावरच्या कोणत्याही प्रोग्रामला त्या यादीत नवी नोंद घालता येत नाही. असे सॉफ्टवेअर तुमचे पासवर्ड उचलण्यासाठी बनवलेले असते. उतरवून चालवले असेल तर दुसऱ्या स्वच्छ यंत्रावरून पासवर्ड बदला, लॉगिन करताना दुसरा कोड मागणारे 'स्टीम गार्ड' चालू करा आणि 'सगळ्या यंत्रांवरून बाहेर पडा' हा पर्याय वापरा.

प्रश्न : जुन्या बाजारात बंद खोक्यातले गेम स्वस्त मिळतात. घ्यावेत का?

उत्तर : पीसीचा गेम असेल तर नाही. डिस्क असली तरी खरा गेम आतल्या कागदावरच्या कीमध्ये असतो आणि ती पहिल्या मालकाच्या खात्याला बांधली गेलेली असते. अलीकडच्या बऱ्याच खोक्यांत तर डिस्कच नसते.

कन्सोलच्या डिस्क आणि कार्ट्रिज मात्र पुन्हा विकता येतात. निन्टेन्डो स्विच 2 (विक्री 5 जून 2025 पासून) आल्यावर इथे एक नवा प्रकार वाढला आहे आणि त्यातला फरक समजून घ्या. 'गेम-की कार्ड'मध्ये गेम नसतो, तो इंटरनेटवरून उतरवावा लागतो. पण खेळताना ते कार्ड यंत्रात असावे लागते आणि ते कोणत्याही खात्याला बांधलेले नसते. म्हणून ते दुसऱ्याला विकता येते. उलट 'डाउनलोड कोड' असे लिहिलेल्या खोक्यात फक्त कागद असतो, आणि तो एकदाच चालतो. दोन्ही खोकी लांबून सारखी दिसतात. पुढच्या बाजूची तळाची पट्टी वाचल्याशिवाय पैसे देऊ नका.

प्रश्न : कपाटात बारा वर्षांपूर्वीचा न वापरलेला कोड सापडला. चालेल?

उत्तर : स्टीमचा असेल तर टाकून पाहा, गेमच्या विकत घेतलेल्या कीला तिथे सहसा मुदत नसते. फुकट वाटलेल्या किंवा सवलतीच्या कोडना मात्र असते, ती कार्डाच्या मागे बारीक अक्षरांत छापलेली सापडेल. कोडपेक्षा दुकानच आधी संपते, ही खरी भीती. विंडोजवरच्या 'गेम्स फॉर विंडोज लाइव्ह'चा बाजार ऑगस्ट 2013 मध्ये बंद झाला. निन्टेन्डोच्या वी यू आणि थ्रीडीएस यंत्रांची ई-शॉप 27 मार्च 2023 रोजी, तर एक्सबॉक्स 360 चे दुकान 29 जुलै 2024 रोजी बंद झाले. म्हणून कोड साठवून ठेवण्यात शहाणपण नाही. मिळाला की टाका.

प्रश्न : मोबाइल गेमचे फुकट कोड मैत्रिणींना चालतात, मला 'संपला' म्हणून येतात. माझ्या खात्यात दोष आहे का?

उत्तर : दोष नाही. हे कोड विकत घेतलेल्या कीसारखे एकाच माणसासाठी नसतात. एकच कोड हजारो जण वापरतात, आणि त्याला मुदत असते, कधी एकूण वापराची मर्यादाही. थेट प्रक्षेपणात जाहीर केलेले कोड फार थोडा वेळ जगतात. त्याखेरीज गेमचे स्वतःचे नियम असतात. 'गेनशिन इम्पॅक्ट'मध्ये ॲडव्हेंचर रँक 10 होईपर्यंत कोड घेतला जात नाही, आणि बक्षीस गेममधल्या टपालपेटीत येते; तिथून वेळेत उचलले नाही तर तेही जाते. 'फ्री फायर'मध्ये पाहुणे म्हणून उघडलेल्या खात्यावर कोड चालत नाही, खाते आधी कोणत्यातरी लॉगिनशी जोडावे लागते. सर्व्हर निवडायचा असेल तर आपलाच निवडला आहे ना, तेही पाहा. कोड गेमच्या आत किंवा त्याच्या अधिकृत रिडीम पानावरच टाका. पासवर्ड विचारणाऱ्या तिसऱ्या पानावर कधीच नाही.

प्रश्न : पट्टी खरवडताना दोन अक्षरे निघून गेली. कोड परत मिळेल का?

उत्तर : आधी कार्ड तिरप्या उजेडात धरा, फोनने जवळून फोटो काढा आणि फोटोतला गडद-फिकेपणा वाढवून पाहा, शाईचा ठसा पुष्कळदा वाचता येतो. एकच अक्षर अडले असेल तर वर दिलेल्या फसव्या जोड्यांतली दोन-तीन करून पाहा, त्याहून जास्त प्रयत्न करू नका, नाहीतर खाते अडेल.

जमले नाही तर गेमच्या ऑनलाइन दुकानाच्या सपोर्टकडे (मदत विभागाकडे) तक्रार नोंदवा. कार्डाच्या दोन्ही बाजूंचा आणि पावतीचा स्पष्ट फोटो लागतो. कार्डाचा अनुक्रमांक दिसला पाहिजे, कारण बहुधा त्यावरूनच कोड शोधला जातो. स्टीमकडे छापील कीचा पुरावा द्यायचा असेल तर तक्रारीला मिळालेला क्रमांक शाईने त्या कागदावरच, कीच्या शेजारी लिहा आणि मग फोटो काढा. इंटरनेटवरून उचललेला फोटो नाही, कागद तुमच्या हातात आहे, हे त्यावरून कळते. क्रमांक संगणकावर फोटोवर उमटवलेला चालत नाही.

हा फोटो सपोर्टच्या पानावरूनच पाठवा. स्वतःला सपोर्टचा माणूस म्हणवून कुणी चॅटवर कोडचा फोटो मागितला, किंवा दंड, कर, बक्षिसाचे शुल्क म्हणून गिफ्ट कार्डाचा कोड मागितला, तर तो चोर आहे. कोड वाचता येणे म्हणजेच तो खर्च करता येणे; फोटो पोचल्यापासून मिनिटभरात रक्कम निघून जाते. असा फोटो गेलाच असेल तर तक्रार लिहीत बसण्याआधी तो कोड ताबडतोब स्वतःच्या खात्यात टाका. तुमचा आधी लागला तर पैसे वाचतात.